परवानगी आहे, मनाई हुकूम आहे, तरी पाया खणू देत नाहीत. पोलीस संरक्षण कसं मागायचं?

गारवा (धागाकर्ती)

नमस्कार मंडळी. इतके दिवस नुसती वाचत होते, आज पहिल्यांदाच स्वतःचं गाऱ्हाणं घेऊन आले आहे. जरा लांबेल, सांभाळून घ्या.

कोल्हापूरच्या दक्षिणेला, महापालिकेच्या हद्दीबाहेर, आईच्या नावावर दोन गुंठ्यांचा बिगरशेती प्लॉट आहे. बाबांनी निवृत्तीच्या फंडातून घेतलेला. बाबा आता नाहीत. आम्ही दोघी भाड्याच्या दोन खोल्यांत राहतो आणि त्या प्लॉटवर लहानसं घर बांधायचं ठरवलं. प्राधिकरणाकडून रीतसर बांधकाम परवानगी मिळाली, नकाशावर शिक्का आहे, पैसे भरल्याच्या पावत्या आहेत.

ज्या दिवशी फक्की मारून सूत ताणलं त्याच दिवशी शेजारचे गृहस्थ, त्यांचे दोन मुलगे आणि आठ-दहा माणसं येऊन उभी राहिली. उत्तरेकडचे तीन फूट आमचे आहेत म्हणाले. एकानं पायानं फक्की फिसकटली, दुसऱ्यानं विळ्यानं सूत कापलं. खुंट्या उपटून त्यांच्या बाजूच्या गवतात फेकल्या. आई तिथेच सिमेंटच्या पोत्यावर बसून होती, ती काहीच बोलली नाही. मुकादमानं थाप्या, घमेली गोळा केली आणि मला बाजूला घेऊन म्हणाला, "ताई, आमचं हातावरचं पोट. तुमचं मिटलं की फोन करा, दुसऱ्या दिवशी हजर." त्याचंही खरं आहे.

पोलिसांत गेले. अदखलपात्र नोंद झाली आणि दिवाणी बाब आहे, कोर्टात जा असं सांगितलं. कोर्टात गेले. पाच महिन्यांनी दोन्ही बाजू ऐकून कोर्टानं शेजाऱ्यांना तात्पुरती मनाई केली, वादीच्या बांधकामात अडथळा करू नये म्हणून. ती नक्कल घेऊन पुन्हा पोलिसांत गेले तर म्हणाले, "मॅडम, यात आम्हाला काही सांगितलेलं नाही." आठवड्यापूर्वी पुन्हा काम सुरू केलं, पुन्हा तेच लोक आले, पुन्हा गवंडी परत गेले.

मग कोर्टाचा कागद असून उपयोग काय? पोलीस बंदोबस्त नेमका कुणाकडून आणि कसा मिळतो? कुणी हे केलंय का? आईनं मुख्य दाराची सागवानी चौकट कधीच करून घेतली आहे. ती मामाच्या गोठ्यात ताडपत्रीखाली आहे. दर पावसाळ्यात ती मामाला फोन करून विचारते, चौकटीला पाणी लागलं नाही ना.

उसाचा रस

वाचून पोटात तुटलं हो. आईंना सांगा, चौकट बसणार म्हणजे बसणारच.

पेठेतला भाऊ

ताई, कोर्ट-बिर्ट राहू दे. तालमीतली पंधरा पोरं दोन दिवस उभी करा, पाया काय, स्लॅबसुद्धा पडतो. आमच्यात असंच मिटवतात.

बावड्याचा वकील

पेठेतल्या भावानं मायेनं सांगितलंय हे कळतं, पण हा सल्ला अजिबात घेऊ नका. ज्या दिवशी तुमच्या बाजूनं पंधरा माणसं उभी राहतील त्या दिवशी तुम्ही आणि शेजारी एका पारड्यात जाल. दोन्हीकडच्या लोकांवर शांतताभंगाची चॅप्टर केस होईल, आणि पाच महिने झटून मिळवलेला आदेश बाजूला पडेल. आज कायदा पूर्णपणे तुमच्या बाजूला आहे, ती जागा सोडू नका.

आता तुमच्या मूळ प्रश्नाकडे येतो. कसबा बावड्याच्या न्यायसंकुलात रोज असे पक्षकार भेटतात, म्हणून सविस्तर लिहितो.

तुम्हाला मिळालेला आदेश दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ नियम १ व २ खालचा आहे. तो शेजाऱ्यांवर आहे, पोलिसांवर नाही. ठाण्यात जे सांगितलं ते कानाला कडू लागतं, पण अक्षरशः पाहिलं तर बरोबर आहे. पोलीस त्या दाव्यात पक्षकार नाहीत आणि कोर्टानं त्यांना काही फर्मावलेलं नाही. पुढची पायरी त्याच दाव्यात, त्याच कोर्टात आहे. कलम १५१ खाली अर्ज करायचा, की मनाई असूनही अडथळा होतोय, सबब अमुक पोलीस ठाण्यानं काम चालू असताना संरक्षण द्यावं असा आदेश व्हावा. हे कोर्टाच्या अंगभूत अधिकारातलं आहे. कोर्ट ते नुसतं मागितलं म्हणून देत नाही. मनाई मोडली जातेय हे तुम्हाला दाखवावं लागतं. आठवड्यापूर्वी लोक आले त्याचे फोटो, व्हिडिओ आहेत का? गवंड्याचं प्रतिज्ञापत्र मिळेल का? त्या दिवशी पोलिसांत लेखी अर्ज दिला का आणि पोहोच घेतली का?

दुसरी गोष्ट, आदेश ३९ नियम २अ. मनाई मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगवास होऊ शकतो. हा अर्ज वेगळा करायचा. बऱ्याच ठिकाणी या अर्जाची नोटीस बेलिफानं दारात नेऊन दिली की माणसं शांत होतात.

तिसरी, कॅव्हेट. शेजारी जिल्हा न्यायालयात अपिलात जाऊन तुमच्या माघारी स्थगिती आणू शकतात. कलम १४८अ खाली कॅव्हेट, म्हणजे आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका असा अर्ज, टाकून ठेवा. ते ९० दिवस चालतं, मग पुन्हा टाकायचं.

आणि एक विचारतो. तुमच्या आदेशात "मनाई" हाच शब्द आहे ना? "जैसे थे" नाही ना? बारकाईनं वाचा. जैसे थे असेल तर तुम्हालाही वीट लावता येणार नाही. जैसे थे म्हणजे आपण जिंकलो असं समजून लोक पेढे वाटतात आणि महिन्यानं त्यांच्याच कामावर टाच येते, हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

गारवा

वकीलसाहेब, मनाईच आहे. आत्ता पुन्हा काढून वाचलं. "प्रतिवादी क्र. १ ते ३ यांनी वादीच्या मंजूर नकाशाप्रमाणे चालणाऱ्या बांधकामास अडथळा करू नये" असं आहे. व्हिडिओ दोन्ही वेळचे आहेत. पहिल्या वेळी हात थरथरत होता, त्यामुळे निम्मा जमिनीचाच आलाय, पण आवाज स्पष्ट आहे. पोहोच मात्र दुसऱ्या वेळी घेतली नाही. तोंडीच सांगून आले.

बावड्याचा वकील

आजच लेखी द्या. ठाण्यात घेत नसतील तर पोलीस अधीक्षकांच्या कार्यालयात द्या, रजिस्टर पोस्टानंही पाठवा. पुढं उच्च न्यायालयात जायची वेळ आली तर पहिला प्रश्न हाच येतो, की तुम्ही आधी पोलिसांकडं मागितलं होतं का.

थापी ओळंबा

मी साइट इंजिनिअर आहे. वकिलांनी कोर्टाचं सांगितलं, मी जमिनीचं सांगतो. तुमच्या सगळ्या गोष्टीत मला मोजणीचा शब्द कुठे दिसला नाही. ताई, भूमी अभिलेखाकडून हद्द कायम मोजणी झालीय का? मोजणीच्या नकाशाची क प्रत आहे का?

तीन फुटांचा वाद असला की सगळं मोजणीवर येऊन थांबतं. बऱ्याच जुन्या लेआउटमध्ये रस्त्याकडेचा पहिला प्लॉट फुटभर सरकलेला असतो आणि तो फूट पुढच्या प्रत्येकाकडून पुढं ढकलला जातो. शेवटचा प्लॉटवाला ओरडतो ते खोटं बोलत नसतो, त्याची जमीन खरंच कमी भरते. ती खाल्लेली असते सहा घरं अलीकडे. तुमचे शेजारी शेवटच्या प्लॉटचे आहेत का ते बघा.

दुसरं, नकाशाप्रमाणेच बांधा. कोर्टाची मनाई मंजूर नकाशापुरतीच आहे. सामासिक अंतरात, म्हणजे हद्दीपासून मोकळ्या सोडायच्या जागेत, एक फूट जरी पुढं गेलात, जिना बाहेर काढलात, की शेजाऱ्यांच्या हातात कोलीत दिलंत. जोत्यापर्यंत काम आलं की जोते तपासणी करून दाखला घ्या, मगच वर चढा. उद्या कोर्टात "आम्ही मंजुरीप्रमाणेच बांधतोय" म्हणायला तो कागद सगळ्यात भारी पडतो.

आणि परवानगीची तारीख बघा. प्रादेशिक व नगररचना अधिनियम १९६६ च्या कलम ४८ प्रमाणे बांधकाम परवानगी एक वर्षाची असते, आणि मुदतवाढ मिळत गेली तरी त्यापुढं तीन वर्षांहून जास्त मिळत नाही. वादात वर्ष कसं सरतं कळत नाही. मुदत संपायच्या आत अर्ज टाका.

गारवा

मोजणी बाबांनी प्लॉट घेताना झाली होती, ती २००९ ची. नवीन नाही. आणि हो, शेजारी शेवटचेच आहेत. त्यांच्यापुढं ओढा आहे. हे माझ्या कधी डोक्यातच आलं नव्हतं.

थापी ओळंबा

मग मोजणीला आजच पैसे भरा. द्रुतगतीनं मागा. शेजाऱ्यांना नोटीस निघते, त्यांनाही समोर उभं राहता येतं. भूकरमापक खुणा दाखवतो त्या सगळ्यांच्या समोर, आणि त्या दिवशी निम्मी भांडणं तिथेच विझतात.

तिसरी गल्ली

सगळे ताईंच्या बाजूनं लिहिताय, लिहा. मला ताईंबद्दल राग नाही. पण पोलीस संरक्षण हा शब्द वाचला की माझ्या पोटात गोळा येतो, म्हणून दुसरी बाजू मांडतो.

आमच्या चार घरांना जायला एक बोळ होता. आजोबांच्या वेळेपासूनचा. नकाशावर तो कुणाच्या तरी प्लॉटचा भाग होता हे आम्हाला ठाऊकच नव्हतं, कारण त्यावरून बैलगाडी, सायकल, आजोबांची तिरडी सगळं गेलेलं. तो प्लॉट विकला गेला. नव्या मालकानं परवानगी काढली, कोर्टातून एकतर्फी मनाई आणली, आणि एका सकाळी सहा पोलिसांच्या देखत आमच्या बोळात जेसीबी उतरला. माझी बहीण आठव्या महिन्यात होती. तिला रात्री दवाखान्यात न्यायला आम्ही शेजारच्याच्या गोठ्यातून वाट काढली. पोलिसांची चूक नव्हती, त्यांच्याकडं कागद होता. मालकही म्हणत होता, माझं बांधकाम कायदेशीर आहे. खरंच होतं. आमची वहिवाट कायदेशीर आहे की नाही हे कुणी विचारलंच नाही, कारण आम्ही कोर्टात पोचलोच नव्हतो.

नंतर दोन वर्षांनी वाट मिळाली. मधली दोन वर्षं कोण देणार?

मावळतीचा रंकाळा

तिसरी गल्ली, हे लिहिल्याबद्दल आभार. आमच्याकडंही असा बोळ आहे आणि आम्ही कुणीच त्याचा कागद केलेला नाही. आज संध्याकाळीच चारही घरांना एकत्र बसवते.

बावड्याचा वकील

तिसरी गल्ली यांचं म्हणणं मी मनापासून मान्य करतो. म्हणूनच कोर्टं पोलीस संरक्षण सहजासहजी देत नाहीत, आणि देऊ नये. एकतर्फी मनाई देताना कोर्टानं कारणं लिहिली पाहिजेत, आणि आदेश ३९ नियम ३अ प्रमाणे ३० दिवसांत दुसरी बाजू ऐकून अर्ज निकाली काढायचा प्रयत्न केला पाहिजे. नोटीस मिळाली की लोक घाबरून घरी बसतात, तारखेला जात नाहीत. असं अजिबात करू नका. बोळ, वहिवाट, पाण्याची वाट, उजेड-वारा यांचा हक्क सुविधाधिकार कायदा १८८२ च्या कलम १५ खाली २० वर्षांच्या अखंड वापरानं पक्का होतो. शेतरस्त्याचा अडथळा असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदाराकडं जाता येतं, पण अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत.

आता उच्च न्यायालयाबद्दल, कारण धाग्यात कुणीतरी विचारेलच. संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करून पोलीस संरक्षण मागता येतं. पण तिथं मालकी ठरत नाही. २००६ मध्ये पी. आर. मुरलीधरन खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं हेच सांगितलं, की पोलीस संरक्षणाच्या नावाखाली दिवाणी वादाचा निकाल रिटमध्ये मिळवता येणार नाही. हक्क आधी दिवाणी कोर्टात सिद्ध झालेला किंवा निदान प्रथमदर्शनी मान्य झालेला हवा. गारवा यांच्या हातात मनाई आहे, म्हणून त्यांचं पाऊल घट्ट आहे. नुसती बांधकाम परवानगी घेऊन रिटला गेलात आणि समोरच्यानं मालकीचा वाद उभा केला, तर बहुतेक वेळा दिवाणी कोर्टात जा असंच सांगितलं जाईल. परवानगी मालकी ठरवत नाही, ती फक्त बांधकाम नियमात बसतं एवढं सांगते.

पंचगंगाघाट

उच्च न्यायालयाचं नाव निघालं म्हणून विषयांतर करतो. माझ्या काकांनी जमिनीच्या केससाठी मुंबईला किती खेपा घातल्या त्याला गणती नाही. महालक्ष्मी एक्स्प्रेसनं रात्री निघायचं, सकाळी उतरून कुठंतरी तोंड धुवायचं, कोर्टात जायचं, आणि पुकारा व्हायच्या आत वेळ संपली की पुढची तारीख घेऊन परत रात्रीची गाडी. खिशात दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी. १८ ऑगस्ट २०२५ ला कोल्हापुरात उच्च न्यायालयाच्या सर्किट बेंचचं कामकाज सुरू झालं तेव्हा काका हयात नव्हते. मी मात्र मुद्दाम सीपीआर रुग्णालयासमोरच्या बेंचच्या इमारतीपाशी जाऊन उभा राहिलो. आदल्या दिवशी सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या हस्ते उद्घाटन झालं होतं. चाळीस वर्षांहून जास्त काळ वकिलांनी, पक्षकारांनी त्यासाठी आंदोलनं केली. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांचं काम आता इथं चालतं.

कोकणातला जावई

सिंधुदुर्गातून सांगतो, आम्हाला सुद्धा आता घाट चढून संध्याकाळी घरी परत येता येतं. सासुरवाडी कोल्हापूर, त्यामुळे तारखेच्या निमित्तानं तांबडा-पांढराही होतो. बायको म्हणते तारखा जास्तच पडायला लागल्यात.

उसाचा रस

जावईबापू, तारीख मागून घेता की काय?

निवृत्त हवालदार

मी पोलीस खात्यात ३२ वर्षं काढली. बंदोबस्ताच्या बाजूनं चार गोष्टी सांगतो, कारण इकडं कागद कसा वाचला जातो हे बाहेर कुणाला माहीत नसतं.

कोर्टाचा आदेश ठाण्यात आला की आवक रजिस्टरला चढतो, साहेब वाचतात, मग बीट अंमलदाराला बोलावतात. आदेशात "आवश्यक ते पोलीस संरक्षण द्यावे" एवढंच असलं की अडचण होते. आवश्यक म्हणजे किती? किती दिवस? कुठल्या कामाला? मग तोंडी हवालदार पाठवतात, तो दुपारपर्यंत उभा राहतो, दुसरीकडं मारामारीचा कॉल आला की निघून जातो. तो गेला की लोक पुन्हा येतात.

म्हणून वकिलाला सांगून आदेशातच स्पष्ट लिहून घ्या. कोणतं पोलीस ठाणं, कोणता गट, कोणता प्लॉट, कोणतं काम. उदाहरणार्थ पाया खोदाई, पीसीसी (पायातला काँक्रीटचा थर), कॉलम, जोते. सकाळी किती ते संध्याकाळी किती. रोज बंदोबस्त नको, फक्त ज्या कामाला अडथळा होतोय त्या दिवसांचा मागा. साहेबांना ते पेलतं आणि आदेश खरोखर अमलात येतो.

महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ४७ मध्ये खासगी व्यक्तीच्या अर्जावर, तिच्या खर्चानं जादा पोलीस देण्याची तरतूद आहे. कोर्ट आदेश देताना बऱ्याचदा शुल्क भरण्याच्या अटीवर देतं. ते शुल्क रीतसर चलनानं भरायचं, पावती घ्यायची. हातात कुणाला एक रुपयाही द्यायचा नाही.

तारखा निवडताना गणपती, जोतिबाची चैत्र यात्रा आणि निवडणुका टाळा. त्या दिवसांत ठाण्यात माणूस नसतो. आम्ही त्या काळात सलग तीन-तीन दिवस घरी जायचो नाही. आदेश असला तरी माणूस आणायचा कुठून?

आणि बंदोबस्ताच्या दिवशी पोलीस तुमच्या बाजूचे नाहीत, हे लक्षात ठेवा. ते आदेशाच्या बाजूचे आहेत. त्यांच्या जोरावर शेजाऱ्याला एक शब्द वाकडा बोललात तर तिथंच काम थांबवायला लागतं.

पेठेतला भाऊ

हवालदारकाका, जेवायला तर घालू ना त्यांना? स्लॅबच्या दिवशी आमच्यात मटण असतं सगळ्यांना.

निवृत्त हवालदार

नको. पाणी आणि चहा ठेवा, तोही सगळ्यांसाठी ठेवलेला. समोरची बाजू फोटो काढून "पोलीस पार्टी झोडतात" म्हणून फिरवते. मटण गवंड्यांना आणि बिगाऱ्यांना घाला, त्यांचा तो मान आहे. बंदोबस्तावरचा माणूस डबा घेऊन येतो.

इचलकरंजीकर

माझा प्रश्न थोडा वेगळा आहे. माझ्याकडं शेजारी नाही, गावातली चार पोरं आहेत. वाळू, खडी आमच्याकडूनच घ्या, नाहीतर गाडी आत सोडत नाही म्हणतात. दर बाजारापेक्षा जास्त. यालाही कोर्टात जाऊन संरक्षण आणायचं का?

बावड्याचा वकील

नाही. ही दिवाणी बाब नव्हे. वाट अडवणं, धमकी देणं आणि त्या जोरावर पैसे किंवा माल लादणं हा फौजदारी गुन्हा आहे. भारतीय न्याय संहितेत कलम ३०८ खंडणीचं आहे, कलम १२६ अटकावाचं आहे, ३५१ धमकीचं आहे. थेट फिर्याद द्या. दखलपात्र गुन्हा उघड दिसत असेल तर एफआयआर नोंदवणं पोलिसांवर बंधनकारक आहे, २०१३ च्या ललिता कुमारी निकालापासून हे पक्कं आहे. गारवा यांच्याकडं विळ्यानं सूत कापलं, जमाव जमवून धमकावलं, तोही भाग तक्रारीत यायला हवा होता. पहिल्या दिवशी "शेजाऱ्यांशी जागेचा वाद" असं सांगितलं की ठाण्यात ते दिवाणी होऊन बसतं. काय झालं ते सांगा, वाद काय आहे ते नंतर.

मावळतीचा रंकाळा

गारवा, अजून एक. प्लॉट आईंच्या नावावर आहे ना? विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत कायदेशीर मदत मिळते. माझ्या मावशीची केस जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मिळालेल्या वकीलबाईंनी चालवली, आणि फार मनापासून चालवली. फी भरवत नसेल तर लाजू नका.

तिसरी गल्ली

गारवा ताई, काल लिहून झाल्यावर झोप लागली नाही. मोजणी करून घ्या. आणि मोजणीच्या दिवशी शेजारच्या बाईंशी आईंना बोलायला सांगा, पुरुषांना मधे घेऊ नका. आमच्याकडं शेवटी आई आणि त्या मालकाची आईच बोलल्या.

गारवा

सगळ्यांना उत्तर द्यायला उशीर झाला, जवळजवळ अडीच महिने. आता सगळं सलग सांगते.

मोजणी झाली. भूकरमापक आले त्या दिवशी शेजारचे काका, त्यांचे मुलगे, आम्ही दोघी, लेआउटमधले अजून तिघं उभे होते. थापी ओळंबा यांचं म्हणणं शब्दशः खरं निघालं. आमची हद्द जिथं आम्ही सूत ताणलं होतं तिथंच आली, अगदी चार बोटं आतच. काकांचा प्लॉट मात्र कागदापेक्षा खरंच पावणेतीन फूट कमी भरला. ते आमच्याकडं नव्हते, वरच्या अंगाला रस्त्याकडेच्या घराच्या कंपाउंडमध्ये गेलेले होते. काका बराच वेळ त्या खुणेकडं बघत उभे राहिले. इतकी वर्षं ते आमच्यावर रागावले होते आणि त्यांचं नुकसान मात्र खरं होतं.

पण मुलगे ऐकायला तयार नव्हते. मोजणीवरच हरकत घेतो म्हणाले. त्यामुळे कोर्टात कलम १५१ चा अर्ज केलाच. व्हिडिओ, मुकादमाचं प्रतिज्ञापत्र, क प्रत, पोलिसांतल्या अर्जाची पोहोच, सगळं लावलं. मुकादमानं एका शब्दात हो म्हटलं, "ताई, मी जे बघितलं ते सांगायला भितोय कशाला." वकीलबाई विधी सेवेकडूनच मिळाल्या. कॅव्हेटही टाकलं होतं. काकांचे वकील म्हणाले, हद्दीचा वाद मूळ दाव्यात ठरायचा आहे, पोलीस कशाला. वकीलबाईंनी सांगितलं की दावा चालेल तेव्हा चालेल, आज आम्ही फक्त मनाई मोडली जाऊ नये एवढंच मागतोय. कोर्टानं पाया ते जोते एवढ्या कामासाठी, सकाळी आठ ते संध्याकाळी सहा, आम्ही शुल्क भरण्याच्या अटीवर, ठाण्याला संरक्षण द्यायला सांगितलं. हवालदारकाका, तुमच्या प्रतिसादाचं मी अक्षरशः प्रिंट काढून वकीलबाईंना दिलं होतं.

पहिल्या दिवशी दोन हवालदार आणि एक महिला कॉन्स्टेबल आल्या. पुन्हा फक्की, पुन्हा सूत. मुलगे फाटकापर्यंत आले, कॉन्स्टेबल ताईंनी आदेश वाचून दाखवला, ते परत गेले. काका मात्र आले नाहीत. तिसऱ्या दिवशी आई त्यांच्याकडं गेली. तिसरी गल्ली, तुमचं वाचून गेली. काकूंनी दार उघडलं. आई परत आली ती एक तासानं. काय बोललात विचारलं तर म्हणाली, त्यांच्या वरच्या रस्त्याकडेच्या घरावर त्यांना दावा करायचाय, आपली क प्रत झेरॉक्स करून दे. दिली.

बंदोबस्त नऊ दिवस होता, त्यातले शेवटचे तीन दिवस कुणी अडवायलाच आलं नाही. जोते झालं, जोते तपासणीचा दाखला परवा मिळाला. दावा चालू आहे, पुढची तारीख पुढच्या महिन्यात आहे.

थापी ओळंबा

अभिनंदन ताई! दाखल्याच्या तीन प्रती करून वेगवेगळ्या ठिकाणी ठेवा.

पेठेतला भाऊ

ताई, मी मागं तालमीतल्या पोरांचं बोललो ते चुकलं. मनापासून सांगतो. स्लॅबच्या दिवशी मटणाला आठवण काढा, पोरं वाढायला येतील.

उसाचा रस

आणि चौकट?

गारवा

चौकट मामानं टेम्पोनं आणली. पाणी लागलं नव्हतं, पण एका खालच्या कोपऱ्यात वाळवीनं बोटभर पोखरलंय. सुतार म्हणतो तेवढाच तुकडा काढून जोड देऊ. आई म्हणते जोड दिलेली चौकट मुख्य दाराला नको, मागच्या दाराला लावू. मला वाटतं पुढंच लावावी. कुणाला सागाला जोड देण्याचा अनुभव आहे का? मंगळवारी चौकटपूजा आहे, सोमवारच्या आत ठरवायचंय.